थेट प्रक्षेपणात प्रयोग करायचाय? आधी पीसीआर शिका

लाइव्ह कार्यक्रमाचा दिग्दर्शक पीसीआरमध्ये (प्रॉडक्शन कंट्रोल रूम, म्हणजे सगळ्या कॅमेऱ्यांची चित्रं जिथे येतात ती खोली) बसून समोरच्या मॉनिटरवरच्या पाच-सात चित्रांतून दर काही सेकंदांनी एक चित्र निवडतो. निवडलेलं चित्र त्याच क्षणी लोकांपर्यंत गेलेलं असतं आणि मागे घेता येत नाही. निर्मात्याच्या डोक्यावर वेळ, पैसा, परवानग्या आणि माणसं असतात. छोट्या युनिटमध्ये ही दोन्ही कामं बहुतेक वेळा एकाच माणसाकडे येतात, म्हणून या लेखात ती एकत्र घेतली आहेत.

बुलेटिन किंवा मालिका सांभाळून ज्यांचं समाधान होत नाही, ज्यांना लाइव्ह माध्यमातच नवं काही करून पाहायचं आहे, त्यांच्यासाठी हे मार्गदर्शन आहे. एखादी एकांकिका थेट पडद्यासाठी रचणं, दोन गावांतली पात्रं एका प्रसंगात आणणं, कथेचं वळण प्रेक्षकांच्या हाती देणं, अशी ही कामं. हे वेड नवं नाही. बीबीसीने २ नोव्हेंबर १९३६ रोजी लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून नियमित सेवा सुरू केली, तेव्हापासून पुढची बरीच वर्षं टीव्ही म्हणजे मुख्यतः लाइव्हच होता. आपल्याकडे दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ ला जी सेवा सुरू झाली तिचं स्वरूपच प्रायोगिक होतं. वरळीचं मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं.

एक गोष्ट सुरुवातीलाच ठरवून घ्या: एका कार्यक्रमात नवी गोष्ट एकच. बाकी सगळं, म्हणजे केबलपासून शेवटच्या श्रेयनामावलीपर्यंत, शंभर वेळा वापरून झालेलं हवं. नवे कॅमेरे, नवा स्विचर (कोणत्या कॅमेऱ्याचं चित्र बाहेर जाईल हे बदलणारं यंत्र), नवी संहिता आणि नवी कल्पना एकाच संध्याकाळी आणली की बिघाड नेमका कुठे आहे हेच कळत नाही. मग कल्पना चांगली होती की वाईट, हेही समजत नाही.

पहिली पायरी: शिरायचं कुठून

दिग्दर्शकाच्या खुर्चीकडे जाणारा सर्वांत चांगला रस्ता फ्लोअरवरून, म्हणजे कॅमेरे आणि नट असतात त्या जागेवरून जातो. आधी फ्लोअर असिस्टंट, मग फ्लोअर मॅनेजर. नंतर पीसीआरमध्ये वेळ मोजणारा सहायक, त्यानंतर ग्राफिक्स किंवा प्लेआउट (आधी रेकॉर्ड केलेले तुकडे चालवणं), मग स्विचर, आणि मग दिग्दर्शन. आपल्याकडच्या चॅनेलांत स्विचरवर बसणाऱ्याला ऑनलाइन एडिटर म्हणतात. हा क्रम सुचवण्यामागे कारण आहे. दिग्दर्शकाची प्रत्येक आज्ञा कुणाच्या तरी अंगावर येऊन पडते. ट्रॉलीवरचा कॅमेरा चार सेकंदांत किती अंतर कापू शकतो, रेडिओ माइक बदलायला किती वेळ लागतो, ग्राफिक्सवाल्याला नाव दुरुस्त करायला किती क्लिक लागतात, हे ज्याने स्वतः केलंय तोच जमेल अशी आज्ञा देतो.

शिक्षण घ्यायचं असेल तर पुण्याच्या एफटीआयआयच्या टीव्ही विभागात दिग्दर्शन, इलेक्ट्रॉनिक सिनेमॅटोग्राफी, व्हिडिओ एडिटिंग आणि ध्वनी यांचे अभ्यासक्रम आहेत. तिथे स्टुडिओत मल्टिकॅम, म्हणजे एकाच वेळी अनेक कॅमेऱ्यांचं काम, हाताळायला मिळतो, आणि तो फायदा मोठा आहे. पण प्रवेश मिळाला नाही म्हणून दार बंद होत नाही. बातम्यांच्या चॅनेलमध्ये रोज लाइव्ह असतं, त्यामुळे हात आणि कान तयार होतात. मात्र कॅमेरे जागचे हलत नसल्याने शॉट रचायला शिकता येत नाही. ते कबड्डी-क्रिकेटच्या ओबी व्हॅनमध्ये (मैदानावर नेलेल्या फिरत्या पीसीआरमध्ये) आणि संगीत महोत्सवांत शिकता येतं. लग्नात एलईडी वॉलसाठी लाइव्ह मिक्सिंग करणारी युनिट्स गावोगावी आहेत. त्या कामाला कमी लेखू नका. कॅमेरे तीन, जिब (कॅमेऱ्याची छोटी क्रेन) एक, रिहर्सल शून्य आणि अक्षता पडण्याचा क्षण एकदाच येणार, हे लाइव्हचं उत्तम प्रशिक्षण आहे. गणेशोत्सवातलं थेट दर्शन, पालखी सोहळा, कॉलेजच्या एकांकिका स्पर्धा, जिथे जमेल तिथे केबल गुंडाळायला जा.

घरी करायचा एक अभ्यास: कोणताही मल्टिकॅम कार्यक्रम आवाज बंद करून दहा मिनिटं पाहा आणि प्रत्येक कट लिहा. वेळ, शॉटचा आकार, अंदाजे कोणता कॅमेरा. मग तोच भाग आवाजासह पाहा आणि प्रत्येक कटाचं कारण शोधा. शास्त्रीय गायनाची मैफल यासाठी फार चांगली. तबलजीने तिहाई घेतली की कट तिहाईच्या सुरुवातीला तबल्यावर हवा. सम पडल्यावर तिथे गेलात तर प्रेक्षकाला थांबलेले हात दिसतात, आणि समेवर गायकाच्या चेहऱ्यावर जी दाद उमटते तीही हातातून जाते. म्हणजे तिहाईला तबला आणि समेला गायक. त्यासाठी दिग्दर्शकाला ताल मोजता आला पाहिजे. ज्या विषयाचं लाइव्ह करायचं त्यात पुढे काय येणार हे आधी कळणं, हीच या कामाची खरी पात्रता. बटणं आठवड्यात शिकता येतात.

दुसरी पायरी: टॉकबॅकची भाषा

टॉकबॅक म्हणजे दिग्दर्शकाचं युनिटशी हेडसेटवरून चालणारं बोलणं. हेडसेटवर एका वेळी आठ-दहा माणसं ऐकत असतात. म्हणून वाक्यरचना ठरलेली हवी. कॅमेऱ्याशी बोलताना आधी नंबर, मग काम (वाइड म्हणजे सगळं दृश्य, क्लोज म्हणजे फक्त चेहरा):

“दोन, वाइड धरून ठेव. तीन, आईचा क्लोज दे. तीन तयार… टेक तीन. दोन, आता दाराकडे सरक.”

नंबर आधी का? नाव किंवा काम आधी बोललात तर तिन्ही कॅमेरामन दचकतात आणि त्यातला ऑन-एअर असलेला हलतो. “तयार” हे “टेक”च्या दोन-तीन सेकंद आधी यावं. “टेक” हा शब्द फक्त कट मारण्यासाठी राखून ठेवा. “हा टेक छान होता” असं हेडसेटवर कुणीही म्हणायचं नाही, कारण ऑनलाइन एडिटरचं बोट त्या शब्दाला बांधलेलं असतं. नटाला किंवा निवेदकाला सुरू करायचं असेल तेव्हा आधी “क्यू”, मग “टेक”. क्यू मिळाल्यावर माणूस हलायला साधारण अर्धा सेकंद घेतो. उलटं केलंत तर पडद्यावर वाट पाहणारा चेहरा दिसतो.

ऑन-एअर कॅमेऱ्याला हलवायचं असेल तर “तीन, ऑन-एअर, सावकाश झूम इन” असं तो ऑन-एअर असल्याचं आठवण करून देत सांगा. टॅली लाइट (ऑन-एअर कॅमेऱ्यावर लागणारा दिवा) असला तरी सांगा. आणि चूक झाली तर त्यावर हेडसेटवर एक शब्दही नको. कुणाला रागावलात की पुढचे वीस सेकंद ती व्यक्ती कामात नसते, आणि ते वीस सेकंद हवेत गेलेले असतात. बोलायचं ते कार्यक्रमानंतर, समोरासमोर.

तिसरी पायरी: कागद

पहिल्या स्वतंत्र कामासाठी ४० मिनिटांची एकांकिका, एक सभागृह आणि तीन कॅमेरे, एवढाच आवाका धरा. त्यासाठी चार कागद लागतात.

पहिला, फ्लोअर प्लॅन, १:५० प्रमाणात. म्हणजे जमिनीवरचा १ मीटर कागदावर २ सेंटिमीटर. त्यावर नेपथ्य, दारं, नटांच्या मुख्य जागा आणि कॅमेरे. दोन मुख्य पात्रांमध्ये एक रेघ ओढा. तिन्ही कॅमेरे त्या रेघेच्या एकाच बाजूला राहिले पाहिजेत, नाहीतर कट मारताच डावीकडे पाहणारा माणूस उजवीकडे पाहू लागतो. डावीकडचा कॅमेरा १ उजवीकडच्या पात्राचे क्लोज देतो, उजवीकडचा ३ डावीकडच्या पात्राचे, मधला २ वाइड सांभाळतो. क्रॉस शूटिंग म्हणतात ते हेच. समोरून सरळ पकडलात तर अर्धा चेहरा मिळतो, तिरकस पकडलात तर दोन्ही डोळे.

दुसरा, कॅमेरा स्क्रिप्ट. संहिता पानाच्या एका अर्ध्या भागात, शॉट दुसऱ्या अर्ध्या भागात, आणि प्रत्येक कटाची खूण नेमक्या शब्दावर. सरासरी १२ सेकंदांचा शॉट धरला तर ४० मिनिटांत २०० शॉट होतात. सगळे लिहायची गरज नाही. भांडण, प्रवेश-निर्गमन, शेवट हे भाग शॉटनिशी लिहा; संथ संवादांच्या जागी फक्त “१ आणि ३ मधून” एवढं लिहून मोकळे राहा. नवशिके एक तर काहीच लिहीत नाहीत किंवा सगळं लिहून ठेवतात. दुसऱ्या प्रकारात एखादा नट दोन ओळी गाळतो आणि दिग्दर्शक पानात हरवतो. हे झालं तर वाइडवर जा, पान शोधा, मग पुढे चला.

तिसरा, शॉट कार्ड: प्रत्येक कॅमेरामनला फक्त त्याचे शॉट, मोठ्या अक्षरांत, कॅमेऱ्याला अडकवून.

चौथा, रनडाऊन, म्हणजे कार्यक्रमातल्या तुकड्यांची क्रमवार यादी, आणि त्यात शेवटाकडून मागे मोजलेली वेळ. कार्यक्रम २१:००:०० ला संपायचा आहे असं धरा. श्रेयनामावली ४५ सेकंदांची, म्हणून ती २०:५९:१५ ला सुरू व्हायला हवी. त्याआधी निवेदकाचा समारोप दीड मिनिट, म्हणजे २०:५७:४५. शेवटचा प्रवेश ६ मिनिटं २० सेकंदांचा, म्हणजे तो २०:५१:२५ ला उभा राहिला पाहिजे. तो २०:५२:१० ला सुरू झाला तर तुम्ही ४५ सेकंद मागे आहात, आणि ते ४५ सेकंद निवेदकाच्या समारोपातून काढायचे हे आधीच ठरलेलं हवं. असा एक लवचीक तुकडा प्रत्येक रनडाऊनमध्ये ठेवा. ऑनलाइन कार्यक्रमाला चॅनेलसारखा स्लॉट नसतो हे खरं, पण सभागृहाची वेळ संपतेच आणि नाट्यगृहाचे कर्मचारी दिवे घालवायला उभे असतात.

चौथी पायरी: साधनं, आणि ती कुठे दगा देतात

तिन्ही कॅमेरे शक्यतो एकाच मॉडेलचे घ्या. वेगवेगळे असतील तर त्वचेचा रंग जुळवण्यातच दुपार जाते. सगळ्यांवर एकच फ्रेम रेट (२५ किंवा ५०), शटर १/५०, आणि व्हाइट बॅलन्स हाताने, एकाच पांढऱ्या कागदावर, एकाच दिव्याखाली. आपली वीज ५० हर्ट्झची असल्याने १/६० शटरवर ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी दिव्यांखाली पट्टे फिरताना दिसतात. ऑटो फोकस, ऑटो एक्स्पोजर बंद. काळ्या पडद्यासमोर नट आला की ऑटो एक्स्पोजर चेहरा पांढराफटक करतो.

फोटोचे मिररलेस कॅमेरे वापरणार असाल तर चार गोष्टी आदल्या दिवशी तपासा: एचडीएमआय आउटपुटवर मेन्यूची चिन्हं दिसत नाहीत ना, कॅमेरा काही मिनिटांनी आपोआप बंद होत नाही ना, बॅटरीऐवजी थेट वीज देणारा अडॅप्टर आहे ना, आणि दोन तास चालू ठेवल्यावर तो तापून बंद पडत नाही ना. शेवटची चाचणी एसी हॉलमध्ये नको, दुपारच्या उकाड्यात घ्या.

एचडीएमआय केबल दहा मीटरच्या पुढे भरवशाची नाही, आणि तिचं टोक कुणाचा पाय लागला की निघतं. म्हणून कॅमेऱ्याजवळच कन्व्हर्टर लावून पुढे एसडीआय (व्यावसायिक व्हिडिओची केबल) न्या. चांगल्या केबलवर ती ७०-८० मीटर निर्धास्त चालते आणि तिचा बीएनसी कनेक्टर फिरवून घट्ट बसतो. प्रत्येक केबलच्या दोन्ही टोकांना नंबराची पट्टी चिकटवा. एक जास्तीची केबल कॅमेऱ्यापासून स्विचरपर्यंत आधीच पसरून ठेवा. कार्यक्रम चालू असताना प्रेक्षकांच्या पायांखालून नवी केबल टाकता येत नाही.

लॅपटॉप किंवा फोन स्विचरला जोडल्यावर चित्र काळं आलं तर केबल बदलत बसू नका. बहुतेक वेळा ती कॉपी-संरक्षणाची अडचण असते, नाहीतर रिझोल्यूशन किंवा फ्रेम रेट जुळत नसतो. आधी लॅपटॉपचं आउटपुट १०८०पी आणि स्विचरचाच फ्रेम रेट करून पाहा.

आता आवाज. प्रेक्षक धूसर चित्र सहन करतो, तुटका आवाज करत नाही. सभागृहाच्या साउंडवाल्याकडून मुख्य आउटपुट घेऊ नका, वेगळा ऑक्स (मिक्सरवरून निघणारं स्वतंत्र आउटपुट) मागा. मुख्य आउटपुट हॉलसाठी जुळवलेलं असतं: नटाचा खणखणीत आवाज हॉलमध्ये तसाच पोचतो म्हणून त्याचा फेडर (आवाज कमी-जास्त करणारी सरकपट्टी) खाली असतो, आणि तुमच्या प्रक्षेपणात तो नट मुका वाटतो. शिवाय प्रेक्षकांसाठी दोन माइक रंगमंचाच्या कडांवरून हॉलकडे तोंड करून लावा. विनोदावर हशा ऐकू आला नाही की घरी बसलेल्याला प्रयोग पडला असंच वाटतं. संवाद मीटरवर −२० ते −१२ डीबीएफएसच्या (डिजिटल आवाजाचं माप, ज्यात ० ही कमाल मर्यादा) दरम्यान ठेवा, शिखर −६ च्या वर जाऊ देऊ नका.

ओठ आणि आवाज जुळत नसतील तर दोष बहुधा चित्राच्या उशिराचा असतो. कन्व्हर्टर, स्विचर, एन्कोडर (चित्र इंटरनेटसाठी तयार करणारं यंत्र) असं प्रत्येक यंत्र एक-दोन फ्रेम खातं, आणि २५ फ्रेमच्या हिशेबात एक फ्रेम म्हणजे ४० मिलिसेकंद. कॅमेऱ्यासमोर टाळी वाजवा, रेकॉर्डिंग फ्रेमनिशी पाहा, हात भेटल्याची फ्रेम आणि टाळीचा आवाज यांतलं अंतर मोजा आणि तेवढा विलंब ऑडिओला द्या. ८० ते १२० मिलिसेकंद ही नेहमी दिसणारी बेरीज आहे.

गुणगुण येत असेल तर ती सहसा वेगवेगळ्या ठिकाणच्या अर्थिंगची असते. ग्राउंड लिफ्ट (अर्थिंगची जोडणी तोडणारं बटण) असलेला डीआय बॉक्स किंवा आयसोलेशन ट्रान्सफॉर्मर लावा. प्लगची अर्थिंगची पिन तोडून गुणगुण घालवणारी माणसं प्रत्येक हॉलमध्ये भेटतात. त्यांना हात लावू देऊ नका, त्यात जीव जाऊ शकतो. पीसीआरची वीज दिव्यांच्या डिमरच्या फेजवर नको. स्विचर, एन्कोडर आणि राउटर यूपीएसवर हवेत.

इंटरनेटवर प्रक्षेपण असेल तर १०८०पी साठी ६ ते ८ एमबीपीएस, बिटरेट स्थिर, कीफ्रेम (पूर्ण साठवलेली फ्रेम) दर २ सेकंदांनी, आवाज ४८ किलोहर्ट्झ. अपलोडचा खरा वेग याच्या दुप्पट हवा, आणि तो कार्यक्रमाच्या वेळी मोजलेला हवा. सकाळी अकरा वाजता रिकाम्या हॉलमध्ये मोबाइल नेटवर्क उत्तम असतं. संध्याकाळी आठशे प्रेक्षक आठशे फोन घेऊन येतात. तारेचं कनेक्शन पहिलं, दुसऱ्या कंपनीचं सिम राखीव. यूट्यूब खात्यावर लाइव्ह पहिल्यांदा सुरू करायला २४ तासांपर्यंत लागू शकतात, त्यामुळे ते आठवडाभर आधी उरका.

पाचवी पायरी: प्रयोग

धरून चला की प्रयोग असा आहे: मुलगी मुंबईच्या रंगमंचावर, वडील गावच्या खऱ्या घरातून थेट, आणि दोघांचा प्रवेश एका पडद्यावर.

पहिला शत्रू विलंब. व्हिडिओ कॉलवर शब्द जायला आणि उत्तर यायला मिळून अर्धा सेकंद सहज जातो. नेहमीच्या तालात वाक्यावर वाक्य टाकणारे संवाद इथे कोसळतात. दोघं एकदम बोलतात, मग दोघं एकदम थांबतात. यंत्र बदलून हा अर्धा सेकंद पूर्ण जात नाही, म्हणून संहिता बदलावी लागते. प्रश्न असे लिहा की उत्तरापूर्वी थांबणं पात्राला शोभेल. वडील अडखळून, विचार करून बोलणारे असले तर तोच विलंब अभिनय होतो. एकत्र गाणं, एकत्र टाळी, एकाच वेळी बोलणं मात्र पूर्ण वर्ज्य.

दुसरा शत्रू प्रतिध्वनी. वडिलांच्या कानात जाणाऱ्या आवाजात त्यांचा स्वतःचा आवाज असता कामा नये. बाकी सगळं मिक्स, त्यातून फक्त त्यांचा चॅनेल वजा. याला मिक्स-मायनस म्हणतात. मिक्सरवर एक वेगळा ऑक्स घ्या, त्यात वडिलांचा आवाज पूर्ण बंद, बाकी सगळे वर. हे विसरलं तर वडिलांना आपलंच वाक्य अर्ध्या सेकंदाने ऐकू येतं आणि चांगला नटसुद्धा तीन वाक्यांत बोलायचा थांबतो. रंगमंचावरच्या स्पीकरमधून वडिलांचा आवाज मुलीच्या माइकमध्ये शिरतो तो भाग वेगळा. त्यासाठी स्पीकर तिच्या माइकच्या पाठीमागच्या बाजूला ठेवा आणि आवाज जेमतेम ऐकू येईल एवढाच.

तिसरं, नजर. वडिलांना मुलगी ज्या स्क्रीनवर दिसते ती कॅमेऱ्याच्या अगदी शेजारी, मुलीच्या बाजूला ठेवा. रंगमंचावरच्या कॅमेऱ्याच्या रेघेचा नियम गावातल्या कॅमेऱ्यालाही लागू आहे: मुलगी उजवीकडे पाहत असेल तर वडिलांनी डावीकडे पाहायचं.

गावात एक माणूस फक्त नेटवर्क आणि विजेसाठी ठेवा, आणि त्याच्याशी बोलायला कॉलखेरीज साधा फोन. चित्राची वाट आणि बोलण्याची वाट एकच असली तर चित्र गेल्यावर ते का गेलं हे विचारायलाही मार्ग उरत नाही.

आणि सुटकेचा रस्ता. वडिलांचं चित्र गेलं तर? आवाज चालू असेल तर मुलगी फोन कानाला लावते आणि प्रवेश टेलिफोनवर चालू राहतो. आवाजही गेला तर? आदल्या दिवशी रेकॉर्ड केलेली वडिलांची दीड मिनिटाची चिठ्ठी प्लेआउटवर तयार. तेही नाही तर मुलीचं एक स्वगत, जे तिला पाठ आहे. हे तिन्ही रस्ते रिहर्सलमध्ये प्रत्यक्ष करून पाहा: प्रवेश चालू असताना न सांगता कॉल तोडा आणि युनिट काय करतं ते बघा. दिग्दर्शकाने किती सेकंद वाट पाहायची हेही ठरवा. आमच्या मते चार. त्यापुढे प्रेक्षकाला घोटाळा कळतो.

मोठ्यांच्याही वाट्याला हे आलं आहे. कलावंत नाम जून पाइक यांनी १ जानेवारी १९८४ ला न्यूयॉर्क आणि पॅरिस उपग्रहाने जोडून थेट कार्यक्रम केला तेव्हा दुवा मध्येमध्ये तुटत होता. भूस्थिर उपग्रह सुमारे ३६,००० किलोमीटरवर असतो. वर-खाली ७२,००० किलोमीटर म्हणजे एका दिशेला पाव सेकंद, प्रश्नोत्तराला अर्धा. आजच्या व्हिडिओ कॉलचा आकडाही तेवढाच आहे, त्यामुळे त्या काळातली उपग्रहावरची कामं पाहणं आजही उपयोगी पडतं. आणि २५ जून १९६७ च्या जगभर जोडलेल्या थेट कार्यक्रमातून सोव्हिएत गटातले देश काही दिवस आधीच बाहेर पडले होते; तरीही तो ठरल्या दिवशी झाला. निर्मात्याच्या रनडाऊनमधला कोणताही तुकडा उचलून बाजूला ठेवता आला पाहिजे, तो याचसाठी.

प्रेक्षकांच्या मतावर शेवट ठरवायचा असेल तर हिशेब सोपा आहे. स्ट्रीमचा विलंब साध्या सेटिंगला २० ते ३० सेकंद धरा, मत द्यायला ४५, मोजायला १०. म्हणजे प्रश्न विचारल्यापासून किमान ९० सेकंद असा प्रसंग चालू हवा, जो दोन्ही शेवटांना चालतो. आणि मतं बरोबरीत आली तर कोणता शेवट, हे आधी लिहून ठेवा.

सहावी पायरी: निर्मात्याची फाइल

लेखकाकडून प्रयोगाची परवानगी मिळाली म्हणजे प्रक्षेपणाची मिळाली असं नाही. थेट प्रक्षेपण, रेकॉर्डिंग ठेवणं आणि पुढे पुन्हा दाखवणं, हे तिन्ही हक्क वेगवेगळे नमूद करून लेखी घ्या. नटांकडूनही तसंच. महाराष्ट्रात संहितेला रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र लागतं. त्याचा नंबर फाइलमध्ये हवा. पार्श्वसंगीतात तयार गाणं वापरत असाल तर शब्द-संगीताचे हक्क आणि ध्वनिमुद्रणाचे हक्क वेगळे असतात (पहिल्यासाठी आयपीआरएस, दुसऱ्यासाठी पीपीएल ही नावं भेटतील), आणि हॉलमध्ये वाजवायचा परवाना इंटरनेटला आपोआप लागू होत नाही. दहा सेकंदांच्या जुन्या गाण्यामुळे यूट्यूबने चालू स्ट्रीम थांबवू नये असं वाटत असेल तर संगीतकाराकडून नवं संगीत करून घ्या. ते स्वस्तही पडतं.

बजेटात बारा ते पंधरा टक्के न ठरवलेल्या खर्चासाठी ठेवा, आणि रिहर्सलच्या दिवशीचं कॅमेऱ्यांचं भाडं धरा. बहुतेक नवे निर्माते नेमकं तेच कापतात.

सातवी पायरी: तो दिवस

प्रयोग सात वाजता असेल तर युनिट दहाला हॉलमध्ये. साडेबारापर्यंत तिन्ही चित्रं आणि सगळे आवाज पीसीआरमध्ये आले पाहिजेत. नाही आले तर जेवण पुढे ढकला. अडीचला कॅमेऱ्यांसह थांबत-थांबत रिहर्सल, साडेचारला सलग, खासगी लिंकवर खरं स्ट्रीम करत. ते स्ट्रीम कुणीतरी हॉलबाहेर, मोबाइलवर, साध्या इअरफोनने पाहायला हवं. सव्वासहानंतर कोणतीही सुधारणा नाही, कितीही छोटी असली तरी. सहा चाळीसला फलकाचं चित्र आणि संगीत लावून स्ट्रीम सुरू. सहा पंचावन्नला सगळे हेडसेटवर, आणि दिग्दर्शक एकेकाचं नाव घेऊन उत्तर घेतो.

चालू कार्यक्रमात तीन सवयी. एक कॅमेरा नेहमी असा शॉट धरून असावा की ज्यावर कोणत्याही क्षणी जाता येईल. दोनवरून क्लोज घ्यायचा असेल तर आधी एकला वाइडवर पाठवा. डोळे पुढच्या शॉटवर ठेवा, कारण हवेत गेलेला शॉट पाहून काहीच बदलत नाही. आणि कॅमेरा पडला तर “दोन गेला, एक आणि तीनवर चालू” एवढंच बोला. तो दुरुस्त करायला इंजिनिअर जाईल, दिग्दर्शकाने मागे वळून पाहायचं नाही.

नंतर

केबल सोडायच्या आधी रेकॉर्डिंगच्या दोन प्रती दोन वेगळ्या डिस्कवर. तिन्ही कॅमेऱ्यांचं स्वतंत्र रेकॉर्डिंग, लाइव्ह गेलेला कार्यक्रम आणि टॉकबॅकचा आवाज, तिन्ही जपा. टॉकबॅकचं रेकॉर्डिंग फार कमी लोक ठेवतात. ते कार्यक्रमावर लावून ऐकलं की कोणती आज्ञा उशिरा गेली, कुठे दोन वाक्यं एकमेकांवर आली, कुठे तुम्ही विनाकारण बोलत राहिलात, हे सेकंदानिशी दिसतं. हे ऐकणं युनिटसोबत दोन दिवसांत उरका, तोवर सगळ्यांना सगळं आठवत असतं.

काम मागायला जाताना सजवलेली शोरील नेऊ नका. सलग चार-पाच मिनिटांचा, मध्ये कुठेही न कापलेला लाइव्ह तुकडा न्या: एका बाजूला हवेत गेलेलं चित्र, दुसऱ्या बाजूला तिन्ही कॅमेरे, आणि आवाजात तुमचा टॉकबॅक. काम देणाऱ्याला त्यात दोन गोष्टी तपासायच्या असतात, तुम्ही पुढचं किती आधी पाहता आणि अडचण आल्यावर तुमचा आवाज चढतो का. म्हणून ज्या तुकड्यात काहीतरी बिघडलं आणि सावरलं, तोच निवडा.